रजा नाकारा, पण कारण लिहून

जन्मठेप भोगणाऱ्या एका कैद्याच्या मुलाला ऑस्ट्रेलियातील विद्यापीठात प्रवेश मिळाला. शुल्काची जुळवाजुळव करायला आणि मुलाला निरोप द्यायला वडिलांनी पॅरोल मागितला. असा पॅरोल सहसा आणीबाणीतच मिळतो, म्हणून सरकारी पक्षाने विरोध केला. दुःखात सहभागी व्हायला कैद्याला सोडता येते, तर आनंदात का नाही, असा प्रश्न करत मुंबई उच्च न्यायालयाने जुलै 2024 मध्ये त्याला दहा दिवसांची रजा दिली. निकाल माणुसकीचा आहे. पण एवढ्यासाठी उच्च न्यायालयाचे दार ठोठावावे लागते, हे गंभीर आहे. वकील गाठण्याची ऐपत नसलेल्या कैद्याचा अर्ज फेटाळला की विषय बहुधा तिथेच संपतो.

महाराष्ट्रात कैद्यांची रजा 1959 पासून नियमांवर चालते. पॅरोल म्हणजे अभिवचन रजा. तिला घरातला मृत्यू, आजारपण, लग्न असे कारण लागते. फर्लो म्हणजे संचित रजा. तिला वेगळे कारण लागत नाही. लांब शिक्षा भोगणाऱ्याचा घराशी संबंध तुटू नये आणि सलग बंदिवासाने तो मनाने खचू नये, हाच तिचा हेतू. फर्लोचे दिवस शिक्षेतच धरले जातात, त्यामुळे शिक्षा कमी झाली असे म्हणता येत नाही. चांगल्या वर्तनाच्या कैद्यालाही काही काळ मोकळा श्वास मिळायला हवा, असे सर्वोच्च न्यायालयाने 2017 मध्ये म्हटले; फर्लो हा निरपेक्ष हक्क नाही, हेही त्याच न्यायालयाने 2021 मध्ये स्पष्ट केले. दोन्ही निकाल एकत्र वाचले तर अर्थ सरळ आहे. सरकारला रजा नाकारता येते, मनमानी करता येत नाही.

ही मनमानी शिरते ती पोलीस अहवालातून. अर्ज कारागृहातून निघतो आणि कैद्याच्या गावच्या ठाण्यात पोहोचतो. तिथला कर्मचारी जामीनदार नातेवाइकाची चौकशी करतो, फिर्यादीच्या घरच्यांचे म्हणणे नोंदवतो आणि अहवाल धाडतो. ‘शांतता व सुव्यवस्थेला बाधा येण्याची शक्यता’ एवढे एक वाक्य त्यात असले, तरी अर्ज अडू शकतो. धोका कोणाला, कशावरून, हे लिहिलेच पाहिजे असा दंडक नसेल तर दुसरे काय होणार? रजा दिली आणि काही विपरीत घडले तर अधिकाऱ्याला जाब द्यावा लागतो; नाकारली तर कोणी विचारत नाही. अशा स्थितीत ‘नाही’ म्हणणे हाच सोयीचा मार्ग ठरतो.

रजेवरचे आक्षेप खोटे नाहीत. मुंबईतील एका तरुण वकील महिलेच्या खुनातील दोषी 2016 मध्ये नाशिक कारागृहातून पॅरोलवर सुटला आणि पसार झाला. तो पुढच्या वर्षी काश्मीरमध्ये सापडला. त्या महिलेच्या आईवडिलांनी काय सोसले असेल! 2016 मध्येच राज्याने नियम कडक केले. दुसरीकडे, बलात्कारासाठी 2017 मध्ये वीस वर्षांची शिक्षा झालेल्या डेरा सच्चा सौदा या पंथाच्या प्रमुखाला ऑक्टोबर 2024 मध्ये, हरियाणात मतदानाला काही दिवस उरले असताना, वीस दिवसांचा पॅरोल मिळाला. लोकांचा संताप रास्त आहे. पण या दोन्ही प्रकरणांचा राग गरीब, अनोळखी कैद्यावर काढून पीडितांना काय मिळते? त्यांना रजेची आगाऊ सूचना द्यावी, त्यांचे म्हणणे ऐकावे, कैद्याला त्यांच्या गावात प्रवेशबंदी घालावी, ठाण्यात हजेरी लावायला लावावी. अटी कडक हव्यात, पण त्या त्या कैद्याकडे पाहून. बहुतेक कैदी शिक्षा संपल्यावर कधीतरी बाहेर येणारच आहेत. वर्षानुवर्षे घर न पाहिलेला माणूस एके दिवशी थेट रस्त्यावर सोडणे समाजासाठी अधिक धोक्याचे आहे.

कैद्यावर विश्वास टाकण्याचा प्रयोग आपल्याकडे जुना आहे. औंध संस्थानाने 1939 मध्ये आटपाडीजवळ स्वतंत्रपूरची खुली वसाहत उभी केली आणि गंभीर गुन्ह्यांतील कैद्यांना तिथे शेती करू दिली. व्ही. शांताराम यांच्या ‘दो आँखें बारह हाथ’ या चित्रपटामागची प्रेरणा तीच.

राज्य सरकारने आता प्रत्येक अर्जावर ठरावीक मुदतीत निर्णय घ्यावा, नकाराचे ठोस कारण कैद्याला त्याच्या भाषेत लेखी द्यावे आणि कोणत्या कारागृहातून किती अर्ज मंजूर झाले, किती फेटाळले, हे दरवर्षी जाहीर करावे. यासाठी नवा कायदा लागत नाही.