कमळें, मुळा आणि पंचमहाभूतें

आमच्या एका वाचकभगिनीचें पत्र गेल्या महिन्यांत आलें. त्यांचे चिरंजीव टोकियोस नोकरीनिमित्त असून आईवडिलांना एकदां जपान दाखवावें अशी त्यांची इच्छा आहे. बाई लिहितात, "आम्हां उभयतांची साठी उलटली. धांवपळीचा प्रवास आतां सोसत नाहीं. तेथील देवळें व बागा सावकाश, पायीं, कोणी जाणतें माणूस बरोबर घेऊन पाहतां येतील काय? आणि आपल्या माणसांना पाहण्यासारखें तेथें कांहीं आहे काय?" पहिल्या प्रश्नाचें उत्तर एका शब्दांत देतां येतें : येतील. दुसऱ्यासाठीं मात्र सगळें सदर खर्ची घालावें लागणार. कारण 'आपल्या माणसांना' ह्या दोन शब्दांतच खरी गोम आहे.

दोन वर्षांपूर्वीं जुलै महिन्यांत आम्ही सपत्नीक टोकियोच्या एदोगावा भागांत पुतण्याकडे महिनाभर राहिलों होतों. ह्या भागांत भारतीयांची वस्ती बरीच आहे. इ. स. २०१९ मध्यें तेथील नगरसभेवर श्री. योगेंद्र पुराणिक हे मूळचे मराठी गृहस्थ निवडून आले, एवढें सांगितलें म्हणजे पुरे. तेव्हां पोहे-साबुदाण्याची चिंता भगिनींनीं करूं नये. त्या मुक्कामांतील दोन पहाटा आम्हीं पायीं फिरण्यास दिल्या. अशा फेऱ्यांपैकीं कांहीं पैसे घेऊन चालविल्या जातात. कांहींत निवृत्त स्त्रीपुरुष केवळ हौसेखातर परक्या पाहुण्यांना इंग्रजींतून माहिती सांगतात. बक्षिसी देऊं केल्यास घेत नाहींत. त्या देशांत तसा प्रघातच नाहीं. आमच्या वाट्यास ज्या बाई आल्या त्या सत्तरीच्या घरांतल्या, शाळेंतून निवृत्त झालेल्या, म्हणजे आमच्याच व्यवसायांतल्या. डोक्यास कापडी टोपी, हातांत छत्री, आणि चालण्याचा वेग असा कीं मंडळींतील तरुणांनीं मागें पडावें.

इतक्या पहाटे कां, असें कोणी विचारील. जुलैंत तेथें सूर्य साडेचारच्या सुमारासच उगवतो, आणि नऊ वाजले कीं उकाडा मुंबईला हार जात नाहीं. दिवस वर आला म्हणजे प्रवाशांची झुंबर उडते, आणि मग देवळापेक्षां माणसांच्या पाठीच अधिक दिसतात. शिवाय उएनोच्या तळ्यांतील कमळें कोणासाठीं थांबत नाहींत. तीं पहाटे उमलतात व दुपारपर्यंत मिटून जातात.

उएनो ही टोकियोच्या मध्यवस्तींतील टेकडी. इ. स. १६२५ मध्यें तेनकाई नांवाच्या आचार्यानें येथें कानएइ-जी हें मंदिर स्थापिलें. क्योतोच्या ईशान्येस हिएइ पर्वत, तशी ही नव्या राजधानीच्या ईशान्येची टेकडी; तिकडे बिवा सरोवर, तर इकडे पायथ्याचें शिनोबाझु तळें; सरोवरांत चिकुबु बेट, म्हणून तळ्यांतही एक बेट निर्माण केलें. आपल्याकडे गांवोगांवच्या ओढ्यांना गंगा म्हणणाऱ्यांना ही कल्पना समजावून सांगावी लागत नाहीं. इ. स. १८६८ च्या यादवींत ह्याच टेकडीवर लढाई होऊन कानएइ-जीच्या बहुतेक इमारती जळाल्या, आणि १८७३ मध्यें त्या जागेची सार्वजनिक बाग झाली. बाग व्हावी असा आग्रह धरणारा बाउडुइन नांवाचा डच वैद्य होता. त्याचा अर्धपुतळा १९७३ मध्यें बसविला, पण तो निघाला त्याच्या भावाचा! इ. स. २००६ मध्यें तो बदलून खरा बसविला. ही हकीकत आमच्या बाईंनीं इतक्या गंभीर चेहऱ्यानें सांगितली कीं हंसावें कीं न हंसावें हें क्षणभर कोणास कळेना.

आम्ही तळ्याच्या कांठीं पोहोंचलों तेव्हां पाणी दिसतच नव्हतें. छातीएवढ्या उंचीचीं कमळपत्रें, त्यांवर थरथरणारे थेंब, आणि वर फिकट गुलाबी फुलें. काव्यांतून कमळें आम्हीं आयुष्यभर शिकविलीं. पण पंकज हा शब्द वर्गांत फोडून दाखविणें निराळें आणि सूर्य वर येतांना एकेक पाकळी सुटतांना पाहणें निराळें. दुसऱ्या महायुद्धाच्या सुमारास अन्नाचा दुष्काळ पडला तेव्हां ह्याच तळ्याचें पाणी काढून येथें भातशेती केली होती, असें बाईंनीं सांगितलें.

बेटावरील देऊळ बेन्तेनचें. ही बेन्तेन म्हणजे आपली सरस्वती. सुवर्णप्रभास सूत्राबरोबर ती चीनमार्गें जपानांत गेली. येथील मूर्ति अष्टभुजा असून देवळापुढें तिच्या बिवा ह्या वाद्याची दगडी प्रतिमा उभी आहे. मूळ देऊळ १९४५ च्या बाँबवर्षावांत नष्ट झालें. आजचें १९५८ सालचें. तिचें चिनी लिपींतलें नांव फार बोलकें आहे. पूर्वीं त्यांतील 'झाइ' ह्या अक्षराचा अर्थ प्रतिभा असा होता. पुढें त्याच उच्चाराचें, पण 'धन' ह्या अर्थाचें अक्षर तेथें येऊन बसलें. एका अक्षराच्या फरकानें सरस्वतीची लक्ष्मी झाली. व्यापाऱ्यांच्या शहरांत दुसरें काय व्हावयाचें! भोंवतालीं स्मारकशिलांची गर्दी आहे : स्वयंपाकाच्या सुऱ्यांचें स्मारक, फुगु माशाचें स्मारक, एवढेंच काय, चष्म्याचेंही. ज्या वस्तूनें आपली सेवा केली किंवा ज्या जीवानें आपलें पोट भरलें त्याचें ऋण फेडावयाचें, ही त्यामागची भावना. दसऱ्यास हत्यारें पुजणाऱ्या समाजानें ह्यास वेडगळपणा म्हणूं नये.

साडेसहा वाजतां बागेंतील एका मोकळ्या जागेंत ध्वनियंत्रावर पियानो वाजूं लागला आणि कोठून कोठून आलेल्या वृद्धांनीं रांगा धरल्या. आकाशवाणीवरील ही कवाईत तेथें १९२८ पासूनची आहे. युद्धानंतर कांहीं वर्षें ती बंद होती. १९५१ पासून पुन्हा अखंड चालूं आहे. आमच्या बाईही छत्री खालीं ठेवून रांगेंत उभ्या राहिल्या. आमचें कुटुंबही राहिलें. आम्हीं पिशव्या संभाळल्या.

टेकडीच्या उतारावर सहस्रभुज अवलोकितेश्वराचें देवालय आहे. तें १६३१ मधलें असून १८६८ च्या आगींतून वांचलें. जपानी लोक ह्या देवतेस कान्नोन म्हणतात. ज्यांना अपत्य हवें ते येथें नवस करतात, आणि तो फळला म्हणजे बाहुली आणून वाहतात. सज्जाबाहेर एका पाइनच्या फांदीला वर्तुळाचा आकार दिलेला आहे. त्या वर्तुळांतून पाहिलें कीं खालचें सरस्वतीचें देऊळ बरोबर मध्यावर येतें.

तेथून वीस-पंचवीस मिनिटें चाललें म्हणजे यानाकाची दफनभूमि लागते. शेवटचा तोकुगावा शोगुन योशिनोबु येथेंच चिरनिद्रा घेत आहे. प्रवासाला जाऊन स्मशान पाहावयाचें ही कल्पना कित्येकांना रुचणार नाहीं; आमच्या कुटुंबासही रुचली नव्हती. परंतु पत्रांतील दुसऱ्या प्रश्नाचें उत्तर आम्हांस मिळालें तें येथें.

मंडळींत आमच्याखेरीज आणखी एक भारतीय गृहस्थ होते. तळ्यापासून त्यांचा एकच घोष चालला होता. सरस्वती पाहिली, "आमचीच." अवलोकितेश्वर पाहिला, "आमचाच." बाई प्रत्येक वेळीं किंचित् वांकून "होय, होय" म्हणत. यानाकांत थडग्यांमागें लांकडाच्या उंच अरुंद फळ्या उभ्या केलेल्या असतात. त्यांना सोतोबा म्हणतात, आणि हा शब्द 'स्तूप' ह्यावरून आलेला आहे. फळीच्या माथ्यास खांचा, आणि त्यांखालीं काळ्या शाईंत कुंचल्यानें काढलेलीं अक्षरें. एका फळीपुढें थांबून बाईंनीं त्या गृहस्थांना अत्यंत नम्रपणें विचारलें, "हीं आपलीं अक्षरें आहेत. आम्हांला वाचून दाखवाल काय?"

गृहस्थ गप्प झाले. अक्षरें होतीं सिद्धम् लिपीचीं. देवनागरीची ती चुलत आजी म्हणावी. मुखवटा ओळखीचा वाटतो, पण नांव आठवत नाहीं. बाईंनीं बोट फिरवीत वरून खालीं वाचलें : क्या, का, रा, बा, आ. म्हणजे ख, ह, र, व, अ. हीं पांच बीजाक्षरें म्हणजे आकाश, वायु, अग्नि, जल आणि पृथ्वी. मेलेलें माणूस पंचमहाभूतांत विलीन झालें, एवढेंच ती फळी सांगते. 'ख' म्हणजे आकाश हें खग, खगोल ह्या शब्दांवरून शाळकरी मुलासही समजावें. र हें अग्नीचें व व हें जलाचें बीज आपल्या तंत्रग्रंथांतही आहे. मात्र ह तिकडे वायूचें, आपल्याकडे आकाशाचें. एवढा फरक बाराशें वर्षांच्या वाटचालींत अधिक नव्हे. कुकाइ नांवाचा भिक्षु चीनमध्यें प्रज्ञ नामक भारतीय पंडितापाशीं संस्कृत शिकून इ. स. ८०६ मध्यें परत आला, आणि तेव्हांपासून तेथील मठांत ही लिपि गिरविली जात आहे. आपल्याकडे ती केव्हांच लोपली.

आणखी एक गोष्ट शिक्षक म्हणून सांगितल्याखेरीज राहवत नाहीं. जपानी मुलें वर्णमाला म्हणतात ती अ, इ, उ, ए, ओ अशी. मग का, सा, ता, ना, हा, मा, या, रा, वा. ह्या 'हा'चा प्राचीन उच्चार 'पा' होता, आणि 'सा' हा आपल्या च-वर्गाच्या जागीं आहे, हें ध्यानांत घेतलें म्हणजे क, च, त, न, प, म, य, र, व हा आपलाच क्रम उलगडतो. संस्कृताच्या अभ्यासकांनीं तेथील अक्षरें त्या क्रमानें लाविलीं. उएनोंतल्याच राष्ट्रीय वस्तुसंग्रहालयांत होर्यु-जी मठाचीं ताडपत्रें आहेत. प्रज्ञापारमिताहृदयाची ती अतिप्राचीन संस्कृत प्रत. मॅक्स म्युल्लर व त्यांचे जपानी शिष्य नान्जो ह्यांनीं ती १८८४ मध्यें प्रसिद्ध केली.

म्हणून 'आपलें' हा शब्द तेथें जरा जपून उच्चारावा असें आमचें मत झालें. ज्यानें दिलें त्याच्याकडून हरवलें, आणि ज्यानें घेतलें त्यानें रोज गिरवून राखलें, तर मालकी कोणाची? हा प्रश्न केवळ जपानपुरताही नाहीं. आपल्या किती घरांत आजोबा-पणजोबांच्या पेटींत मोडी कागदांचीं बोचकीं पडून आहेत! सनदा, खतें, कुणाच्या लग्नाच्या याद्या. तीं आपलींच, ह्यांत शंका नाहीं. पण घरांतलें कोण वाचूं शकतें? परत येतांच आम्हीं आमच्या नातीस एका मोडीच्या वर्गांत घातलें आहे. तिची आई म्हणते, परीक्षेंत ह्याचे गुण नाहींत. नाहींत, हें खरें.

दुसरी पहाट आसाकुसाची. सेन्सो-जीचें महाद्वार, प्रचंड कंदील, वगैरे सर्व प्रवासवर्णनांतून आलेलें आहे. आम्ही तें पुन्हा लिहीत नाहीं. सहा वाजतां मुख्य मंदिर उघडतें (हिवाळ्यांत साडेसहाला), ढोलाच्या साथीवर सूत्रपाठ होतो, आणि समोरच्या बाजारपेठेचीं सर्व दारें बंद असल्यामुळें रस्ता मोकळा मिळतो. स्थळाची कथा इ. स. ६२८ पासूनची सांगतात. इमारत १९५८ ची, कारण जुनी १० मार्च १९४५ च्या भीषण रात्रीं जळाली. आवारांतल्या गिंको वृक्षांच्या बुंध्यांवर त्या रात्रीचे करपलेले व्रण अद्यापि दिसतात. तेथें मात्र थांबावें.

त्या देवळापासून दहा-पंधरा मिनिटांवर, सुमिदा नदीच्या बाजूस, एका बुटक्या टेकाडावर मात्सुचियामा शोदेन आहे. हें गजाननाचें स्थान! तेथें त्याचें नांव कांगितेन, म्हणजे आनंददेव. मूर्तीचें दर्शन कोणास होत नाहीं. दोन गजमुख आकृति परस्परांस आलिंगन देत उभ्या, असें तिचें स्वरूप असून ती सदैव बंद असते, आणि पुजारी तिला दाराआड तेलाचें स्नान घालतात. नैवेद्य मुळ्याचा. पायऱ्यांवर, कठड्यांवर, दिव्यांवर, जिकडे पाहावें तिकडे दोन मुळ्यांची जोडी कोरलेली. सोबतच्या मंडळींना हंसूं आलें. आमच्या कुटुंबाचा चेहरा किंचित् उतरला, कारण मोदकाऐवजीं मुळा हें तिला पटेना. पण ह्यांत विपरीत कांहीं नाहीं. बृहत्संहितेच्या कांहीं पाठांत गणपति मूलककंद धारण करणारा सांगितला आहे, व कित्येक जुन्या मूर्तींच्या हातीं तो दिसतोही. मोदकाचा भाऊही जपानांत आहे : कांगिदान नांवाचा, पुरचुंडीच्या आकाराचा, आंत गोड पुरण घालून तिळाच्या तेलांत तळलेला.

आतां व्यवहाराचें. घालण्या-काढण्यास सोपीं पायताणें असावींत. बौद्ध मंदिरांत केवळ हात जोडावेत. टाळ्या वाजविणें हा शिंतो देवस्थानांतला प्रकार आहे, तेथें दोनदां वांकून, दोन टाळ्या वाजवून, पुन्हा एकदां वांकावयाचें. थडग्यांचीं छायाचित्रें काढूं नयेत. खाण्याविषयीं सावध राहावें, कारण निरुपद्रवी दिसणाऱ्या सारांतही सुक्या माशांचा कढ असतो. खारवलेलें उमे फळ घातलेला भाताचा गोळा बहुधा निर्वेध, तरी विचारून घ्यावा. मठांतील शोजिन जेवण मिळाल्यास दवडूं नये. त्यांत मांसमत्स्य तर नाहींच, कांदालसूणही वर्ज्य.

शोदेनच्या टेकाडावर चढण्यास पायऱ्या आहेत, व ज्यांचे गुडघे दुखतात त्यांच्यासाठीं उतारावरून चालणारी एक लहानशी विनामूल्य गाडीही ठेवलेली आहे. तींत बसण्यास संकोच करूं नये. मुळा तेथेंच विकत मिळतो. आणि देवास वाहून झालेले मुळे प्रसाद म्हणून कोणासही नेतां येतात. आमच्या कुटुंबानें त्यांतला एक, हातभर लांबीचा, निवडून पिशवींत घातला, घरीं आल्यावर किसून दहीं व दाण्याचें कूट घालून त्याची कोशिंबीर केली, आणि पुतण्यानें ती दोनदां मागून घेतली.