आवाज गेला, झीज नाही

पोखर्णीत सकाळी गाडी चालू केली की दोन-चार सेकंद खडखड, मग गप्प. मी निर्धास्त! मिस्त्री म्हणाला, "सर, ऑइलचा दाब आला की टेन्शनर चेन ताणतो, म्हणून आवाज जातो. झीज राहतेच." आधी ऑइल तपासलं, मग टेन्शनर काढून दाखवला, दांडा जवळजवळ पूर्ण बाहेर. चेन घसरली असती तर व्हॉल्व्ह पिस्टनवर आदळले असते. चेन आणि गाइडही बदलले. इंजिन हाताने दोन फेरे फिरवून खुणा जुळवल्या, मगच चावी लावली. पोरगा माझाच विद्यार्थी. आपल्या समाजात गॅरेजला लागलेल्या पोराला 'वाया गेला' म्हणतात, हे मला साफ नामंजूर आहे. तो दहावीत नापास झाला तेव्हा असं म्हणणाऱ्यांत मीही होतो.