‘दोघी’ पलसाण्यास केव्हा?

सुरत जिल्ह्यातील पलसाण्याच्या परिसरात कापड रंगविणाऱ्या गिरण्या आहेत. सुरतेच्या या कापडधंद्यात खानदेशातून पोटासाठी गेलेली असंख्य मराठी माणसे राबतात. सुमित्रा भावे व सुनील सुकथनकर यांचा ‘दोघी’ (१९९५) खरे तर याच माणसांपुढे जावयास हवा. शहरात धाडलेल्या थोरल्या बहिणीच्या पैशावर घर जगते आणि तिच्याशीच परकेपणाने वागते; हे दुखणे गावी पैसे पाठविणाऱ्याला समीक्षकापेक्षा अधिक कळेल.

श्रीमती भावे मूळच्या समाजसंशोधक. चाळिशी उलटल्यावर त्यांनी ‘बाई’ (१९८५) हा लघुपट केला आणि २०२१ साली निधन होईपर्यंत माणसाच्या मनाचा माग सोडला नाही. ‘अस्तु’त स्मृती हरपलेला विद्वान आहे, ‘कासव’मध्ये जगण्याला विटलेला तरुण. ‘कासव’ला २०१७ साली सुवर्णकमळ मिळाले. २०१३ सालच्या ‘अस्तु’ला मात्र चित्रगृहासाठी २०१६ पर्यंत तिष्ठावे लागले. सन्मानाला उणे नाही, पडद्याची मात्र वानवा!

महाराष्ट्र सरकार मराठी चित्रपटांस अनुदान देते, ते योग्यच आहे. त्यातील काही वाटा राज्याबाहेरील मराठी वस्त्यांतील खेळांसाठी राखून ठेवावा, असे आम्ही सुचवितो. प्रारंभ पलसाण्यापासून व्हावा. सभागृह साधे चालेल. खेळाची वेळ तेवढी गिरणीची पाळी पाहून ठरवावी.