हसविणाऱ्याला दुसरी पंगत

विनोदी नटाचे कौतुक करण्याची आपल्याकडे एक ठरलेली रीत आहे. तो वर्षानुवर्षे हसवितो तोवर त्याला ‘गुणी’ म्हणायचे. आणि एखाद्या भूमिकेत त्याने डोळ्यांत पाणी आणले, की ‘अहो, हा तर खरा नट निघाला!’ म्हणून तोंडात बोट घालायचे. मला ह्या कौतुकाचा मनस्वी राग येतो. पहिल्या पंगतीला ज्याच्या हातचे वाढप गोड लागले, त्याला शेवटी ‘बसा आता तुम्हीही’ म्हणण्यापैकीच हे आहे.

दिलीप प्रभावळकरांचेच पाहा. सत्तरच्या दशकाच्या अखेरीस मुंबई दूरदर्शनवर त्यांचा चिमणराव आला आणि घरोघर शिरला. पुढे १९९१ साली ‘चौकट राजा’ आला. त्यातला नंदू शरीराने वाढलेला, पण लहानपणच्या अपघातामुळे बुद्धीने मूलच राहिलेला. झाले! विनोदी नटाने आपली मर्यादा ओलांडली, असे म्हणणारे शहाणे आजही भेटतात.

कसली मर्यादा? चिं. वि. जोशी ह्यांचा तो भाबडा चिमणराव आठवा. लोक आपल्याला हसत आहेत, हे त्याच्या गावीही नसते. प्रभावळकर त्या वेळी प्रेक्षकांकडे पाहून डोळा मिचकावत नाहीत, ‘पाहा, मी कसा वेंधळा!’ असे सुचवीत नाहीत. नंदूच्याही गावी तेच नसते. तेथे एक हातवारा जास्त झाला असता, तर नंदूची नक्कल झाली असती आणि थिएटरात खसखस पिकली असती. कोणत्या हालचालीला किती हशा येतो हे ज्याला मापाने ठाऊक आहे, तोच तो हशा दाबून धरू शकतो. म्हणजे चिमणराव करून पाहिलेल्या माणसाच्याच हातून असा नंदू उभा राहतो. ज्याला मर्यादा म्हणता, ते भांडवल आहे महाराज!

‘हसवाफसवी’त त्यांनी सहा भूमिका केल्या, नाटकही त्यांनीच लिहिले. त्यातल्या वृद्ध गायकनट कृष्णराव हेरंबकरांवर हसावे की हळहळावे, हे ठरविण्याआधीच गळा दाटून येतो. तो प्रवेश विनोदी म्हणावा की गंभीर? ‘झपाटलेला’मधला तात्या विंचू त्यांचाच, आणि ‘लगे रहो मुन्नाभाई’तले गांधीजीही त्यांचेच. ह्या गांधीजींसाठी आणि ‘शेवरी’साठी २००६ सालचा साहाय्यक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार त्यांना मिळाला. पण ‘मुन्नाभाई’ हा विनोदी चित्रपट आहे, हे गांधीजींपुढे हात जोडताना आमचे पंडित सोयीने विसरतात. २०२५ साली, वयाच्या एक्याऐंशीव्या वर्षी, ‘दशावतार’मध्ये त्यांनी बाबुली मेस्त्री हा दशावतारी कलावंत उभा केला. आता तरी ‘मूळचे विनोदी नट’ हे शेपूट सोडा!

भरताने हास्याला रसांच्या पंगतीत बसविले. गडकऱ्यांनी ‘एकच प्याला’त सुधाकराच्या नाशाशेजारी तळीरामाला आणून ठेवले. जपानात ‘नो’ हे गंभीर नाट्य आणि ‘क्योगेन’ हे विनोदी नाट्य एकाच रंगमंचावर, एकाच खेळात, पाळीपाळीने होत आले. सोवळेओवळे आमच्याच समीक्षेत शिरले.

आणि शाळांतही! आमच्या कळमन्यात संत्र्यांचा मोठा बाजार भरतो. गोड फळाला एक काटा आणि आंबट फळाला दुसरा, असे कोणी केले तर शेतकरी अडत्याची गय करणार नाही. स्नेहसंमेलनाच्या परीक्षकांना मात्र दोन काटे चालतात. हुंदके देऊन बेशुद्ध पडणाऱ्या मुलाला पहिला क्रमांक. सारे सभागृह हसवून सोडणाऱ्याला ‘उत्तेजनार्थ’, वर ‘आता काहीतरी गंभीर करून दाखव’ हा उपदेश. बिचारा पुढच्या वर्षी खोटे रडायला शिकून येतो.

ह्या हिवाळ्यात परीक्षक म्हणून जाणाऱ्यांनी रडणाऱ्याला खुशाल ढाल द्यावी. फक्त त्याआधी तोच प्रवेश त्याला हसवून करून दाखवायला सांगावे.