खुर्चीचा भाव आणि ज्वारीचा भाव



पुण्याला गेलात की पोरांची पुस्तके घ्यायला, नाहीतर दगडूशेठच्या गणपतीला, तुम्ही बुधवार पेठेत जाता. याच पेठेत दुसऱ्या बाजीरावाचा बुधवार वाडा होता. १८७९ साली तो जळाला. वाडा जळाला, पण वाड्याच्या धन्याने ज्या धंद्याला बरकत आणली तो धंदा जळाला नाही. त्याची ही गोष्ट.

धंदा होता मामलतीच्या लिलावाचा. एल्फिन्स्टन साहेबाने १८१९ सालच्या अहवालात तो नोंदवून ठेवला आहे. शहाणा, सचोटीचा माणूस बघून मामलत द्यायची सोडून बाजीराव ती आपल्या हुजऱ्यांत लिलावाला काढी. जास्त बोलेल त्याचा तालुका. पुढच्या साली पुन्हा लिलाव. मामलेदाराला जमीन बघायला सवड नाही आणि दया करायला कारण नाही. तो चढ्या रकमेने पोटमक्तेदाराला देई, पोटमक्तेदार पाटलाला. पाटलाने नकार दिला तर मामलेदाराची माणसे येऊन वसूल करीत. शेवटी सगळी बेरीज कुणब्याच्या खळ्यावर येऊन पडे.

१८१८ साली पेशवाई बुडाली. इंग्रज आला. मोजणी झाली, सारा ठरला, पगारी अंमलदार आले. आता लिलाव संपला असे लोकांना वाटले. सत्तर वर्षांनी त्याच पुण्यात काय निघाले ते ऐका.

आर्थर क्रॉफर्ड हा मध्य विभागाचा कमिशनर, म्हणजे आपल्या दुष्काळी दख्खनच्या महसुलाचा सर्वांत मोठा साहेब. हुशार आणि खर्चिक. १८६५ साली तो मुंबईचा पहिला म्युनिसिपल कमिशनर झाला. मुंबईच्या मोठ्या बाजाराला त्याचे नाव लागले. पण त्याच्या उधळपट्टीवर करदात्यांनी ओरड केली आणि १८७१ साली ती गादी सुटली. उधळायची सवय आणि कर्ज मात्र सुटले नाही. पुढे पुण्यात कमिशनर झाल्यावर मामलेदारांच्या बदल्या-बढत्यांसाठी हणमंतराव नावाच्या मध्यस्थामार्फत पैसे पोचवावे लागतात, असा बोभाटा झाला.

१८८८ साली गव्हर्नर लॉर्ड रे याने त्याला निलंबित केले. साहेब वेष पालटून मुंबईला निसटला आणि तिथे पकडला गेला. हणमंतरावाला लाचेच्या खटल्यात तुरुंगवास झाला. साहेबासाठी मात्र खास आयोग बसला. आयोग म्हणाला, लाच सिद्ध होत नाही. हाताखालच्या मुलखातल्या लोकांकडून कर्जे काढली, एवढाच दोष पदरात पडला. नोकरी गेली. पुढे विलायतेत बसून त्याने पुण्यावर आणि दख्खनवर पुस्तके लिहिली. दलाल तुरुंगात, धनी मोकळा! हा न्याय आपल्या ओळखीचा आहे ना?

ज्या मामलेदारांनी पैसे दिल्याची साक्ष दिली, त्यांना सरकारने अभय दिले होते. पार्लमेंटात गहजब होताच सरकार त्या शब्दावरून मागे सरू लागले. टिळकांनी १८८९ साली पुण्यात सभा भरवून मामलेदारांची बाजू घेतली : दिलेला शब्द पाळा. रास्तच होते.

पण भावांनो, एक प्रश्न राहिलाच. साहेबाने घेतले की नाही यावर आयोग बसला. मामलेदाराने का दिले यावर सभा झाली. मामलेदाराने ते पैसे आणले कुठून, यावर कोण बसले? वडिलांची पेंड विकून कोणी बदली विकत घेत नाही. पेरतो तो कापणारच. साऱ्याची तहकुबी द्यायची की नाही हे त्याच्या शेऱ्यावर. १८८३ आणि १८८४ च्या कायद्यांची तगाई त्याच्या सहीवर. बदलीचे भांडवल तालुक्यातच व्याजासकट वसूल होणार, आणि वसूल होणार ते जिरायती ज्वारीवाल्याकडून. खुर्चीचा भाव चढला की ज्वारीवाल्याच्या हातातले दाणे उतरतात.

आता आजचे बघा. फेरफार, दाखला, पैसेवारी, पंचनामा : सगळे कोणाच्या तरी सहीला अडलेले. कापसाच्या एकाधिकार खरेदीत ग्रेडरने बोटाने पेळू चाचपला की आपल्या वर्षभराच्या घामाची प्रत ठरायची. दुसरा गिऱ्हाईकच नव्हता, मग बोलणार कोणाला? म्हणून मी म्हणतो, नुसते चोर पकडून भागणार नाही. क्रॉफर्ड गेला, पण खुर्ची राहिली. खुर्चीला भाव येतो तो तिच्यावर बसणाऱ्याच्या नियतीमुळे नाही. तिला आपले काम अडवता येते म्हणून येतो. अडवण्याची ताकद काढा, तिला कोणी दमडी देणार नाही. आपला माल, आपली जमीन यांच्यावरचे परवाने आणि बंद्या जितक्या उठतील तितका हा लिलाव मोडेल.

तोपर्यंत एक काम करा. २००५ च्या बदल्यांच्या कायद्याने सरकारी नोकराची एका जागी साधारण तीन वर्षे मुदत आहे. त्याआधी हलवले तर कारण लेखी नोंदवावे लागते. माहितीचा अधिकारही २००५ पासून आहे. प्रत्येक तालुक्याने अर्ज करावा : गेले पाच तहसीलदार किती महिने राहिले, मुदतीआधी कोण हलले, कोणत्या कारणाने, कोणाच्या सहीने? उत्तरे घेऊन जिल्हा बैठकीला या. सगळी एका फळ्यावर मांडू. फळाच सांगेल लिलाव कुठे चालला आहे.

आणि मुंबईच्या त्या बाजाराचे नाव आता महात्मा जोतीराव फुले मंडई आहे. कमिशनरचे नाव उतरले आणि शेतकऱ्याचा असूड लिहिणाऱ्याचे चढले. पाटी बदलली, तराजू बदलायचा राहिला आहे. तो आपल्यालाच बदलायचा आहे.