माळ पडीक नव्हे

दख्खनच्या पर्जन्यछायेतील माळरानांविषयी बोलताना आपल्याकडील सुशिक्षित गृहस्थ ‘ओसाड’ आणि ‘पडीक’ ही दोन विशेषणे इतक्या सहजतेने योजतो, की ती विशेषणे नसून त्या भूमीचे जन्मनावच असावे असा ऐकणाऱ्याचा समज व्हावा. आणि एकदा ते नाव मान्य झाले, की तेथे खड्डे खणून झाडे लावणे हे पुण्यकर्म ठरण्यास फारसा वेळ लागत नाही. मला हे नाव अमान्य आहे, आणि ते पुण्यकर्मही.

प्रतिपक्षाचे म्हणणे मात्र प्रथम त्याच्याच बाजूने मांडले पाहिजे. ते असे, की इंदापूर, दौंड, फलटण, माण, करमाळा ह्या टापूत एके काळी घनदाट अरण्ये होती. कुऱ्हाडीने आणि शेरडामेंढरांच्या दातांनी ती नाहीशी केली. मागे उरले ते गवत आणि काटेरी झुडपे. सबब तेथे वृक्ष लावणे म्हणजे हरवलेले वैभव परत आणणे होय. ह्या मताला शास्त्राचा आधार अगदीच नाही असेही नव्हे. वनशास्त्रज्ञ चॅम्पियन यांनी 1936 साली भारतीय वनांचे जे वर्गीकरण सिद्ध केले आणि 1968 साली सेठ यांच्यासह सुधारून प्रसिद्ध केले, त्यात आपले बहुतेक गवताळ प्रदेश ऱ्हास पावलेल्या वनांच्या अवस्था म्हणूनच नोंदले गेले, आणि वनाधिकाऱ्यांच्या पिढ्यान्‌पिढ्या त्याच दृष्टीने माळाकडे पाहत आल्या.

परंतु ज्या महाबळेश्वरी वर्षाकाठी पाच हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस कोसळतो, तेथून पूर्वेस काही कोसांवर तो पाचशे-सहाशेवर येतो, आणि तोही लहरी; भूमी म्हणाल तर काळ्या पाषाणावर मुरूम आणि मुरमावर वीतभर माती. अशा ठिकाणी दाट छायेचे अरण्य होते असे म्हणणाऱ्यावरच पुराव्याची जबाबदारी पडते. उलट पक्षाचा पुरावा मात्र आपल्याच भाषेत होता. आशीष नेर्लेकर आणि दिग्विजय पाटील ह्या अभ्यासकांनी तेराव्या शतकापासूनच्या मराठी वाङ्मयातील आणि लोकपरंपरेतील वनस्पतींचे उल्लेख धुंडाळून दाखवून दिले आहे, की ह्या प्रदेशाचे वर्णन तेव्हाही गवताचे आणि काटेरी, विरळ वृक्षांचेच होते. शिवाय भारतातील अशा गवताळ प्रदेशांखेरीज जगात अन्यत्र कोठेही न आढळणाऱ्या वनस्पतींच्या जाती दोनशेंहून अधिक आहेत, आणि त्यांपैकी कित्येकींची नोंद तर गेल्या दोन-तीन दशकांतच झाली. उन्हातच जगू शकणाऱ्या इतक्या जाती काही शतकांच्या कुऱ्हाडीतून उत्पन्न होत नाहीत. त्यांना युगे लागतात, आणि त्या सर्व काळ मोकळे आकाश लागते.

मग ‘पडीक’ हा शब्द आला कोठून? तो निसर्गाचा नव्हे, दफ्तराचा शब्द आहे. गोल्डस्मिड आणि विंगेट ह्या इंग्रज अधिकाऱ्यांची जमाबंदीची मोजणी 1836 च्या सुमारास सुरू झाली ती ह्याच माळांच्या मुलखात, इंदापूर तालुक्यात. आणि जमिनीची प्रत ठरवून तिच्यावर सारा बसवणे हा तिचा हेतू असल्यामुळे, ज्या जमिनीतून सारा निघत नाही ती हिशेबाच्या दृष्टीने निरुपयोगी ठरणे क्रमप्राप्तच होते. आजही सातबाऱ्यावर पोटखराब्याचा, म्हणजे लागवडीस अयोग्य जमिनीचा, रकाना आहे. महसुलाच्या कारकुनाने आपले काम चोख बजावले. चूक आपली, की त्याने सरकारी खजिन्यासाठी केलेली नोंद आपण सृष्टीचा निवाडा म्हणून वाचली. 1985 साली राष्ट्रीय पडीक भूमी विकास मंडळ स्थापन झाले तेव्हा हाच शब्द राष्ट्रीय धोरणाच्या शिरोभागी जाऊन बसला. पुढे 2019 साली महाराष्ट्रात तेहतीस कोटी वृक्षांचा संकल्प सोडण्यात आला. एवढ्या रोपांना जागा हवी. आणि ज्या जमिनीच्या वतीने बोलणारा कोणी नाही, ती जागा सर्वांत आधी सापडते.

सुप्याच्या बाजूच्या एका माळावर आषाढाच्या आरंभी मी असे खड्डे पाहिले आहेत. एकेका खड्ड्यापाशी मारवेल आणि पवन्या ह्या गवतांचे ठोंब उपटून टाकलेले होते. त्या बहुवर्षायू ठोंबांच्या मुळांनी ती वीतभर माती धरून ठेवली होती, आणि तीच माती उकरून तेथे गिरिपुष्पाची रोपे उभी केली होती. हे झाड मध्य अमेरिकेचे. येथे ते का लावतात, तर गुरे त्याला सहसा तोंड लावत नाहीत म्हणून. म्हणजे ज्या रानावर गुरे आणि मेंढरे जगतात, त्या रानात मुद्दाम त्यांच्या उपयोगाचे नसलेले झाड. आणि त्याची सावली पडली, की खालचे उन्हाळू गवत खंगते.

वास्तविक माळाला पेरणारा नको असतो. कुसळीचे बी पाहा: त्याला काळसर, पीळदार शेपूट असते, हवा दमट झाली की ते उलगडते, वाळली की पुन्हा पिळते, आणि ह्या पीळ-उकलीत बी आपण होऊन जमिनीत शिरते. मेंढीच्या लोकरीत अडकून ते गावोगाव जाते. हिवर, बोर, खैर, तरवड ही झाडेझुडपे गवताला पुरेसे ऊन सोडून अंतराअंतराने वाढतात. ह्याच गवतावर खिल्लार पोसला गेला, दख्खनी मेंढी पोसली गेली. दिवाळीनंतर धनगरांचे वाडे घाटाखाली उतरतात आणि शेतात मेंढरे बसवून खत देतात, त्या खताचे मूळही हेच गवत. माळढोकाला जमिनीवर अंडे घालण्यास आणि दूरवरून शत्रू दिसण्यास उघडा माळ लागतो. त्याच्यासाठी सोलापूरच्या नान्नजचे अभयारण्य 1979 साली घोषित झाले. आज तेथे त्याचे दर्शन अपवादानेच घडते.

सर्वच माळ सुस्थितीत आहेत, असे मी म्हणत नाही. अतिचराईने शेडा, मारवेल, पवन्या मागे हटतात आणि कुसळीच शिरजोर होते, हे खरे आहे. पण त्यावरचा उपाय आपल्या पूर्वजांना ठाऊक होता: कुरण राखावे, पावसाळ्यात चराई बंद ठेवावी, गवताचे बी झडून गेल्यावर कापणी करावी. रोग्याला पथ्य हवे असता त्याच्या जागी दुसराच मनुष्य आणून निजवणे ह्याला चिकित्सा म्हणत नाहीत.

म्हणून महसूल खात्याने आपल्या दफ्तरात माळरानाचा वेगळा रकाना उघडावा, आणि ‘पडीक’ ह्या सदरातून त्याची सुटका करावी. वाचकांना माझी विनंती एवढीच, की यंदा आपली संस्था, शाळा किंवा कचेरी रोपांची गाडी घेऊन माळाकडे निघाली, तर तेथे मेंढरे राखणाऱ्या माणसाला आधी गवतांची नावे विचारावीत, आणि ती ऐकून गाडी मागे वळवून रोपे गावठाणात, रस्त्याच्या कडेला, ओढ्याच्या काठी लावावीत.