मसुदा कोणाचा, सही कोणाची?

महाजालावरील मराठी विकिपीडियात बॅटमॅनवरील नोंद सुधारावी, अशी सूचना आमच्या मंडळाच्या बैठकीत निघाली, तेव्हा एका ज्येष्ठ सभासदांनी "पोरखेळासाठी लेखणी झिजवायची काय?" असे म्हणून ती हसण्यावारी नेली. त्यांच्याविषयी आम्हांस आदर आहे. त्यांचे मत मात्र आम्हांस साफ अमान्य आहे.

बॅटमॅन हा मुळात गुप्तहेर. 'डिटेक्टिव्ह कॉमिक्स'च्या मे १९३९ च्या २७ व्या अंकात तो प्रथम अवतरला, तो एका खुनाचा छडा लावीतच. कथेवर नाव झळकले चित्रकार बॉब केन यांचे. कथा लिहिली होती बिल फिंगर यांनी. केन यांच्या मूळ चित्रातील नायकाचा पोशाख तांबडा, पंख ताठ आणि मुखवटा केवळ डोळ्यांपुरता. करडा पोशाख, टोकदार कानांचा बुरखा आणि झुलता झगा ही फिंगर यांची सूचना. ब्रूस वेन हे नाव त्यांचे, गॉथम हे नगरनामही त्यांचेच. श्रेय मात्र करारान्वये एकट्या केन यांचे! १९६५ साली फिंगर यांच्या कामगिरीची वाच्यता होताच केन यांनी जाहीर पत्र लिहून ती नाकारली. १९७४ साली फिंगर वारले. केन यांना आत्मचरित्रात खंत वाटली ती १९८९ साली. आणि प्रकाशकांनी फिंगर यांचे नाव जोडले ते २०१५ साली, तेही केन यांच्या नावामागे "यांच्यासह" अशा आखडत्या हाताने.

आमचे बहुतेक वाचक सरकारी कचेऱ्यांतले. टिपणी कोणी लिहिली आणि सही कोणाची उमटली, हा प्रकार त्यांस समजावून सांगावयास नको. (कित्येकांनी दोन्ही खुर्च्या अनुभवल्या असतील.) 'निर्माता' या शब्दापुढे एकच नाव घालणारी नोंद त्या करारातील असत्य मराठीत पुन्हा लिहिते. चित्रपटांची लांबलचक यादी आणि 'महान', 'अजरामर' अशी विशेषणे ओतल्याने ते धुऊन निघत नाही. वर्ष, अंक, लेखक आणि प्रत्येक विधानास आधार एवढे आधी हवे.

"इंग्रजीत सारे आहेच की", असेही ऐकू आले. हेच गृहस्थ मुले मराठी वाचीत नाहीत म्हणून हळहळतात. बदलीच्या गावी वाढणाऱ्या मुलाला केतकरांचा ज्ञानकोश ठाऊक नसतो, बॅटमॅन ठाऊक असतो. त्याने एकदा मराठीत डोकावावे आणि अडीच ओळी पाहून परत फिरावे काय?

मसुदा तयार आहे. विरोधक सभासदांनीही त्यावर हात फिरवावा. विकिपीडियात कोणी कोणता शब्द बदलला, याची नोंद राहते.